लग्नाआधी केसांचा रंग : कधी लावावा आणि मुळात लावावा का?

लग्नसराई जवळ आली की या सदराकडे येणाऱ्या टपालात साड्या, दागिने आणि वजन यांविषयीची पत्रे वाढतात. या वेळी मात्र चार पत्रे केसांच्या रंगाविषयी निघाली आणि ती चारही येथे घेत आहे. पहिल्या पत्राला अधिक जागा दिली आहे, कारण त्यात जाता जाता लिहिलेले एक वाक्य मला उरलेल्या सबंध पत्राहून महत्त्वाचे वाटले.

प्रश्न : माझे वय ५६ आहे. माझ्या मुलाचे लग्न १५ फेब्रुवारीला आहे. १३ तारखेला देवक, १४ तारखेला हळद आणि १७ तारखेला घरी सत्यनारायणाची पूजा असे ठरले आहे. गेली बारा वर्षे मी पार्लरमध्ये दर सहा आठवड्यांनी ४ क्रमांकाचा तपकिरी रंग लावून घेते. शेवटचा रंग २० डिसेंबरला लावला, म्हणजे पुढची पाळी ३१ जानेवारीच्या सुमारास येते. तेव्हा लावला तर लग्नापर्यंत भांगात पुन्हा पांढरी रेघ दिसू लागेल, अशी धास्ती वाटते. धाकटी बहीण म्हणते की देवकाच्या आदल्या दिवशी लाव, म्हणजे रंग ताजा राहील. पार्लरमधल्या ताई म्हणतात की घरचे लग्न आहे तर या वेळी थोडा उजळ रंग घ्या आणि पुढच्या बटांना हायलाइट्स करा. यजमान म्हणतात, वरमाईचे केस कोण पाहतो? आमच्या विहीणबाईंचे केस पूर्ण पांढरे आहेत आणि त्या तशाच फार छान दिसतात, त्यामुळे आपणही हे सगळे सोडून द्यावे असे कधी कधी मनात येते. मागच्या दोन्ही खेपांना रंग लावल्यावर एक-दोन दिवसांनी कानांमागे आणि मानेवर थोडी खाज आली होती, पण ती आपोआप गेली. मी काय करावे?
— एक वाचक, नाशिक

उत्तर : तुमच्या पत्रात तारखांचा हिशोब चोख आहे, परंतु तुमचा निर्णय तारखेवर अवलंबून नसून शेवटून दुसऱ्या वाक्यावर अवलंबून आहे. रंग लावल्यानंतर लगेच चुरचुरणे वेगळे आणि एक-दोन दिवसांनी कानांमागे व मानेवर खाज सुटणे वेगळे. पहिल्या प्रकारात बहुधा डोक्याची त्वचा नाजूक झालेली असते किंवा मिश्रण तिला तीव्र वाटलेले असते. दुसऱ्या प्रकारात शरीराने रंगातील एखाद्या घटकाशी कायमचे वैर धरले असण्याची शक्यता असते आणि सलग दोन खेपांना तेच घडल्यामुळे ही शक्यता दुर्लक्ष करण्याजोगी राहत नाही.

बहुतेक पक्क्या रंगांमध्ये, विशेषतः काळ्या आणि गडद तपकिरी छटांमध्ये, पॅरा-फेनिलिनडायअमिन किंवा त्याच्या जवळचे एखादे रसायन असते. पार्लरमध्ये त्याला थोडक्यात पीपीडी म्हणतात. पेरॉक्साइडच्या संयोगाने त्याचे लहान रेणू केसाच्या आत एकमेकांशी जोडले जाऊन मोठे होतात आणि मग धुण्याने बाहेर पडू शकत नाहीत. रंग पक्का होतो तो यामुळेच. हेच रसायन त्वचेला ॲलर्जी आणण्यात इतके पुढे आहे की अमेरिकेतील संपर्कजन्य त्वचाविकारांच्या तज्ज्ञसंघटनेने २००६ साली त्याला त्या वर्षाचा ॲलर्जन म्हणून निवडले होते. खोक्यावर ‘अमोनियाविरहित’ असे लिहिलेले असल्यामुळे निर्धास्त होणाऱ्या अनेक जणी मला भेटतात. अमोनियाचे काम केसाचे बाह्य आवरण उघडण्याचे असते. ते काम दुसऱ्या एखाद्या पदार्थाकडे दिले म्हणजे डोळ्यांत पाणी आणणारा वास जातो, पीपीडी मात्र त्या खोक्यातही असू शकते.

ही ॲलर्जी वर्षानुवर्षे विनातक्रार रंग लावणाऱ्या व्यक्तीलाही होते. किंबहुना तिला होण्याचे कारण वर्षानुवर्षांचा संपर्क हेच असते. बारा वर्षे काही झाले नाही, हा युक्तिवाद म्हणूनच येथे टिकत नाही. ती एकदा जडली की पुढील प्रत्येक संपर्काला त्वचा अधिक जोराने उत्तर देण्याचा संभव असतो आणि ते उत्तर लगेच येत नाही, साधारणपणे २४ ते ७२ तासांनी येते. डोक्याची त्वचा जाड असल्यामुळे तिथे फारसे दिसत नाही. सूज आणि पुरळ उमटते ते कपाळाच्या कडेला, कानांवर, मानेवर आणि पापण्यांवर. आता बहिणीचा सल्ला या हिशोबात बसवून पाहा. १२ तारखेला रंग लावला आणि त्वचेने खरोखरच तक्रार केली, तर १३ ते १५ या तीन दिवसांत, म्हणजे नेमके देवक, हळद आणि लग्न यांच्या वेळी, पापण्या सुजलेल्या असतील. पार्लरमध्ये काम करताना असा चेहरा मी स्वतः पाहिला आहे. ती नवरीची मावशी होती, तिला रंग मीच आदल्या दिवशी लावला होता, आणि ‘गेल्या वेळी जरा खाज आली होती’ असे तिने मला सांगितलेही होते. मी त्याकडे लक्ष दिले नाही, हे येथे नमूद करणे मला आवश्यक वाटते.

म्हणून जानेवारीच्या पहिल्या पंधरवड्यातच त्वचारोगतज्ज्ञांकडे जाऊन पॅच टेस्ट करून घ्यावी. त्यात पाठीवर निरनिराळ्या पदार्थांच्या लहान चकत्या चिकटवतात, साधारण ४८ तासांनी त्या काढून त्वचा पाहतात आणि आणखी एक-दोन दिवसांनी पुन्हा पाहतात. मधल्या काळात पाठ भिजवायची नसते, त्यामुळे आठवडा मोकळा ठेवावा लागतो आणि केळवणांच्या धामधुमीत ते सोपे नाही, हे मला कळते. कानामागे रंगाचा थेंब लावून पाहण्याची जी घरगुती चाचणी खोक्यातील कागदावर छापलेली असते, ती ज्यांना कधीच त्रास झालेला नाही त्यांच्यासाठी चांगली खबरदारी आहे. ज्यांच्या त्वचेने दोनदा इशारा दिला आहे त्यांनी मात्र ती स्वतःच्या हाताने करू नये.

याला जोडूनच मेंदीचा विषय येतो. लग्नघरात हातांवर काढण्यासाठी जे ‘काळ्या मेंदी’चे कोन येतात, त्यांपैकी अनेकांत रंग लवकर आणि गडद यावा म्हणून पीपीडीच मिसळलेले असते आणि ते थेट त्वचेवर तासन्‌तास राहते. तपासणीचा निकाल हाती येईपर्यंत तुम्ही असा कोन हाताला लावून घेऊ नये. पूर्वी कधी जत्रेत किंवा समुद्रकिनारी काळ्या मेंदीचे गोंदण काढून घेतल्यावर फोड आले असतील, तर तेही डॉक्टरांना सांगावे.

तपासणीत काहीच निघाले नाही आणि डॉक्टरांनी हरकत घेतली नाही, तर ३१ जानेवारीची पाळी एक आठवडा पुढे ढकलून ७ किंवा ८ फेब्रुवारीला रंग लावावा. केस महिन्याला साधारण १ ते सव्वा सेंटिमीटर वाढतात. ३१ जानेवारीला लावल्यास लग्नाच्या दिवशी मुळाशी पाच-सहा मिलिमीटर पांढरे दिसेल आणि वधू-वरांवर अक्षता टाकणारे पाहुणे नव्हेत, तरी मागे उंचावर उभा असलेला छायाचित्रकार ते टिपेल. ८ तारखेला लावल्यास जेमतेम अडीच मिलिमीटर वाढ होईल आणि भांग किंचित बाजूला पाडला तर तीही नजरेत भरणार नाही. त्याहून उशीर नको, याचे कारण केवळ ॲलर्जीचे नाही. ताजा रंग पहिल्या एक-दोन धुण्यांपर्यंत हवा त्याहून गडद आणि सपाट दिसतो, कपाळाच्या कडेला त्याचे डाग राहतात, आणि काही चुकले तर दुरुस्त करायला हातात दिवस उरत नाहीत. आठवड्याचे अंतर ठेवले की केस दोनदा धुतले जातात, रंग निवळतो आणि पार्लरमध्ये पुन्हा जाण्याची सोय राहते. पहिले धुणे मात्र दोन-तीन दिवस थांबून, कोमट पाण्याने करावे.

रंग फक्त वाढलेल्या मुळांना लावायला सांगावा. लग्न आहे म्हणून ‘टोकापर्यंत ओढून घेते’ असे पार्लरमध्ये हौसेने म्हणतात, परंतु आधीच रंगलेल्या केसांवर पुन्हा पुन्हा रंग चढला की टोके काळपट होतात आणि मुळे तपकिरी राहतात. टोकांचा रंग फारच विटला असेल, तर शेवटची पाच मिनिटे मिश्रण तिथपर्यंत न्यावे, एवढे पुरते. कंपनी, छटेचा क्रमांक आणि डेव्हलपरची, म्हणजे रंगात मिसळायच्या पेरॉक्साइडच्या द्रावणाची, तीव्रता या तिन्ही गोष्टी डिसेंबरमध्ये होत्या त्याच ठेवाव्यात. पांढरे झाकण्यासाठी बहुधा २० व्हॉल्यूमचा, म्हणजे ६ टक्के पेरॉक्साइडचा डेव्हलपर वापरतात.

पार्लरमधल्या ताईंची सूचना मी स्पष्टपणे फेटाळते. रंगावर रंग लावून केस उजळत नाहीत, हा आमच्या व्यवसायातला पहिला धडा आहे. बारा वर्षांच्या ४ क्रमांकाच्या थरावर उजळ छटा आणायची तर आधी ब्लीच करून तो थर काढावा लागेल, आणि त्यातून नारिंगी निघेल की तांबूस, हे तुमच्या केसांवर प्रत्यक्ष पाहिल्याशिवाय कोणीही सांगू शकत नाही. असा प्रयोग करायचाच असेल तर पूजा आटोपल्यावर निवांतपणे करता येईल. लग्नाआधीच्या पंधरा दिवसांत केसांना पूर्वी कधीही न लावलेले काहीही लावू नये, असे माझे मत आहे, आणि ते मी नवरीपासून आजीपर्यंत सर्वांना सांगते.

तपासणीत पीपीडीची ॲलर्जी निघाली, तर पक्का रंग थांबवावा लागेल. दुसऱ्या कंपनीचा, दुसऱ्या नावाचा किंवा ‘हर्बल’ म्हणवणारा रंग आणून पाहणे हा पर्याय नव्हे, कारण त्याच कुळातील रसायनांना त्वचा तशीच प्रतिक्रिया देऊ शकते. कोणता रंग चालेल हे डॉक्टरांनीच सांगावे. त्या परिस्थितीत लग्नापर्यंत मुळाशी सुमारे दोन सेंटिमीटर पांढरे असेल. ते झाकण्यासाठी मुळांवर लावण्याची रंगीत पावडर, काडी किंवा फवारा मिळतो. तो केसांच्या पृष्ठभागावर बसतो आणि शाम्पूने निघून जातो. तोही घेण्यापूर्वी घटकांची यादी डॉक्टरांना दाखवावी आणि घरी एकदा लावून, त्यावर पदर घासून, किती उतरतो हे पाहावे. मांडवात दिव्यांखाली घाम येतो, वाकून वाकून नमस्कार घ्यावे-द्यावे लागतात, आणि पैठणीच्या काठावरचा तपकिरी डाग काढणे केसांचा रंग काढण्याहून अवघड असते.

विहीणबाईंचे पांढरे केस पाहून मनात आलेल्या विचाराविषयी एवढेच सांगते की त्यांचे केस सबंध पांढरे आहेत आणि तुमचे दोन सेंटिमीटर पांढरे व उरलेले तपकिरी असतील. रंग सोडण्याचा निर्णय चांगला आहे, पण तो फेब्रुवारीत घेतला तर त्याची सर्वांत वाईट अवस्था नेमकी लग्नाच्या छायाचित्रांत येईल. मानेपर्यंत केस कापण्याची तयारी असेल तर दीडेक वर्षात पूर्ण पांढरे होता येते. यजमानांना मात्र माझ्या वतीने कळवावे की औक्षणापासून सुनमुखापर्यंत वरमाई प्रत्येक छायाचित्राच्या मध्यभागी असते.

प्रश्न : मी २७ वर्षांची असून पुण्यात हिंजवडीला नोकरी करते. चार महिन्यांपूर्वी केसांना मध्यापासून खाली फिकट मधाळ रंगाचे बालायाज करून घेतले होते. आता तो रंग पिवळट-तांबडा दिसू लागला आहे आणि मुळांकडचा काळा भागही वाढला आहे. माझे लग्न वीस दिवसांवर आहे. पार्लरमध्ये पुन्हा ब्लीच करून सगळे नव्याने करायचे म्हणतात. लग्नात नऊवारी आणि खोपा, तर स्वागतसमारंभाला केस मोकळे सोडायचे आहेत. रंग ताजा करून घ्यावा का?
— एक वाचक, पुणे

उत्तर : ताजा करून घ्यावा, पण ब्लीच करून नव्हे. तुमच्या केसांत ब्लीच कमी पडलेले नाही. त्यावर चढवलेली छटा उतरून गेली आहे. आपल्याकडचे काळे केस उजळले की आतून तांबडा-नारिंगी रंग निघतो आणि त्यावर टोनर लावून तो मधाळ किंवा राखाडी केला जातो. टोनर काही आठवड्यांत धुऊन जातो आणि मूळचा तांबडेपणा पुन्हा वर येतो. तुमच्या भागातील अनेक सोसायट्यांप्रमाणे तुमच्याकडेही बोअरवेलचे किंवा टँकरचे जड पाणी येत असेल, तर त्यातील क्षारांचा थर बसून केस अधिकच निस्तेज दिसतात. त्यामुळे पार्लरमध्ये क्षार काढणाऱ्या शाम्पूने केस धुऊन त्यावर पुन्हा टोनर किंवा ग्लॉस लावून घ्यावा. हे काम तासाभराचे आहे आणि लग्नाच्या सात-आठ दिवस आधी करावे. हळदीपूर्वी केसांना एक-दोन धुणी मिळणे येथेही आवश्यक आहे.

घरी वापरण्यासाठी मैत्रिणींनी जांभळा शाम्पू सुचवला असेल. जांभळा रंग पिवळेपणा मारतो आणि निळा रंग नारिंगीपणा मारतो. आरशात केस पिवळे दिसतात की नारिंगी, हे दिवसाच्या उजेडात खिडकीशी उभे राहून ठरवावे. माझ्या अनुभवात आपल्याकडच्या दहापैकी आठ जणींना निळ्याची गरज असते आणि त्या जांभळा घेऊन जातात.

आता खोप्याचा विचार करा, कारण तुमचा निम्मा प्रश्न तिथेच सुटतो. बालायाजचा रंग केसांच्या मध्यापासून टोकांपर्यंत असतो आणि खोप्यात नेमका तोच भाग गुंडाळून आत जातो. वर गजरा, वेणी आणि सोन्याची फुले येतात. लग्नविधीत दिसते ते कपाळापासून मागे चार बोटांपर्यंतचे केस, मुंडावळ्यांच्या दोऱ्याखालचा भांग आणि कानांवरच्या बटा. तो भाग तुमचा स्वतःचा काळा आहे, म्हणजे मुळाशी वाढलेला जो काळा पट्टा तुम्हाला खटकतो आहे, तो खोप्याला उलट उपकारकच ठरेल. अडचण येईल ती गंगावनाची. खोप्यासाठी मिळणारे तयार गंगावन बहुधा काळे असते आणि तुमची मधाळ टोके त्यातून डोकावतील. केशरचना करणाऱ्या ताईंना टोनरनंतरच्या केसांचे, दिवसाउजेडी काढलेले छायाचित्र पाठवावे आणि सरावाच्या दिवशी गंगावन प्रत्यक्ष लावून पाहावे. स्वागतसमारंभासाठी जोडकेस घेणार असाल तर ते खऱ्या केसांचे आणि तुमच्या सर्वांत फिकट बटेच्या छटेचे घ्यावेत. गरज पडल्यास खरे केस गडद करता येतात, कृत्रिम धाग्यांवर पार्लरचा रंग चढत नाही.

ब्लीचला माझा विरोध आहे तो केसांच्या ताकदीमुळे. एकदा ब्लीच झालेला केस सच्छिद्र असतो, त्यावर पुन्हा ब्लीच चढले की तो ओला असताना रबरासारखा ताणला जातो आणि तुटतो. त्यानंतर लगेच तुम्ही त्याच केसांवर आयर्न फिरवणार, पिना खुपसणार, फवारा मारणार आणि रात्री तो सगळा गुंता सोडवणार आहात. लग्नानंतर पाहुणचार संपला की खुशाल करून घ्यावे.

हळदीविषयी एक सावधगिरी बाळगावी. सच्छिद्र, उजळलेल्या केसांना हळद फार लवकर धरते. वऱ्हाडी मंडळी गालांवरून डोक्यापर्यंत कधी पोचतात, ते कळत नाही. त्या दिवशी केसांची घट्ट वेणी घालून, अंबाडा करून त्यावर जुन्या सुती ओढणीचा पट्टा बांधावा आणि विधी आटोपताच केस शाम्पूने धुवावेत. हळदीचा रंग उन्हात उडतो हे खरे, पण तुमच्याकडे हळद आणि अक्षता यांच्यामध्ये एक रात्रच असेल.

प्रश्न : मी इंदूरला राहते, वय ४८. दर महिन्याला लोखंडी कढईत चहाच्या पाण्यात मेंदी भिजवून लावते. वर्षभरापासून दुकानातून ‘काळी मेंदी’ची पाकिटे आणते, कारण तिने केस तासाभरात काळे होतात. भाचीच्या लग्नासाठी पुण्याला येणार आहे. त्या निमित्ताने पार्लरमध्ये जाऊन पक्का तपकिरी रंग लावावा असे म्हणते. मेंदीवर तो बसेल का?
— एक वाचक, इंदूर

उत्तर : मेंदीच्या पानांतील रंगद्रव्य नारिंगी-तांबडे असते. कढईतल्या लोखंडामुळे आणि चहामुळे ते थोडे गडद होते, परंतु मेंदी पांढऱ्या केसाला एका तासात काळा करू शकत नाही. राजस्थानातील सोजतची उत्तम मेंदी घेतली तरी नाही. केवळ वनस्पतींनी काळा रंग आणायचा तर आधी मेंदी आणि नंतर नीळीच्या पानांची पूड अशा दोन पायऱ्या कराव्या लागतात. तेव्हा तासाभरात काळे करणाऱ्या तुमच्या पाकिटात मेंदीखेरीज दुसरे काहीतरी आहे, हे निश्चित समजावे. बहुधा ते वर सांगितलेले पीपीडी असते. काही मिश्रणांत धातूंचे क्षारही असतात. पाकिटाच्या मागील बारीक अक्षरे भिंग घेऊन वाचावीत.

हे महत्त्वाचे अशासाठी की धातूंच्या क्षारांवर पेरॉक्साइड पडले तर केस तापू शकतात आणि तुटू शकतात. पुण्यात पोचल्यावर नव्हे, तर इंदुरातच, फणीत आलेले केस जमवून एखाद्या जाणत्या पार्लरमध्ये न्यावेत आणि ते डेव्हलपर व रंगाच्या मिश्रणात अर्धा तास ठेवून पाहायला सांगावे. मिश्रण गरम झाले, बुडबुडे आले किंवा केस विरघळल्यासारखे झाले, तर पक्क्या रंगाचा विचार सोडून द्यावा. काहीही झाले नाही तरी रंग बसेल तो तुमच्या मनातला तपकिरी नसेल, कारण खालची मेंदी आपला तांबडेपणा दाखवणारच.

माझा सल्ला विचाराल तर भाचीच्या लग्नापुरते काही बदलू नये. पाकीट बंद करून साध्या, निव्वळ पानांच्या मेंदीकडे परत यावे आणि ती लग्नाच्या चार-पाच दिवस आधी लावावी. पहिल्या दिवशी भडक नारिंगी दिसणारी मेंदी हवेच्या संपर्काने दोन-तीन दिवसांत खोल तांबूस तपकिरी होते आणि तेच तिचे खरे रूप असते. आदल्या दिवशी लावणाऱ्या बायका त्या भडकपणाला घाबरून दुसऱ्याच दिवशी वर काळा रंग फासतात.

प्रश्न : माझे वय ६२. मी केसांना आजवर कधीही रंग लावलेला नाही. डोके आणि मिशी दोन्ही पांढरी आहेत, भुवयाही पिकल्या आहेत. मुलीचे लग्न दहा दिवसांवर आहे आणि घरातील सर्वांचा आग्रह आहे की मी तिन्ही काळे करावे. आपले काय मत आहे?
— एक वधूपिता, कोल्हापूर

उत्तर : भुवयांना केसांचा रंग लावायचा नसतो. डोळ्यांना गंभीर इजा होऊन दृष्टी जाण्याचा धोका असल्यामुळे तशी सूचना रंगाच्या खोक्यावरच छापलेली असते. त्यामुळे तो भाग चर्चेतून वगळावा. केसांविषयी असे की लग्नाच्या दिवशी तुमच्या डोक्यावर सकाळपासून कोल्हापुरी फेटा असणार आहे आणि त्याखालचे केस काळे आहेत की पांढरे, हे विचारायला कोणी येणार नाही. राहता राहिली मिशी. ओठावरची त्वचा नाजूक असते, रंगाचा वास सतत नाकाशी राहतो, आणि पांढऱ्या भुवयांखाली एकटी काळीभोर मिशी चिकटवल्यासारखी दिसते. आयुष्यात पहिल्यांदाच रंग लावायला दहा दिवसांचा अवधी मला अपुरा वाटतो.

घरच्यांचा आग्रह मोडवत नसेल, तर आदल्या संध्याकाळी नेहमीच्या कारागिराकडून मिशी नीट कोरून घ्यावी, भुवयांतले लांब वाढलेले केस कातरून घ्यावेत आणि फेट्याचा रंग मुलीला निवडायला सांगावा.